कै. चिंतामणराव देशमुख : एक अर्थमंत्री

इंग्लंडच्या राज्यकारभारात अर्थमंत्र्याचे आसन हे पंतप्रधानाच्या आसनाशेजारचे मानले जाते. ग्लॅडस्टनसाहेब चार वेळा अर्थमंत्री झाले आणि चार वेळा पंतप्रधानही झाले. डिझरायली, ॲस्क्विथ, लॉइड जॉर्ज, बाल्डविन, चेंबरलेन ह्या सर्वांनी हीच वाट चोखाळली. असे पद हाती असता ते आपण होऊन सोडून देणारा पुरुष विरळा. आणि सोडलेच तर पुढे काय होते, हेही तेथील इतिहासात नमूद आहे. लॉर्ड रँडॉल्फ चर्चिल ह्यांनी १८८६ च्या डिसेंबरात सैन्याच्या व आरमाराच्या खर्चास कात्री लागावी ह्या आग्रहापायी राजीनामा पाठविला. आपणांवाचून मंत्रिमंडळाचे पान हलणार नाही, अशी त्यांची अटकळ होती. लॉर्ड सॉल्झबरी ह्यांनी राजीनामा स्वीकारला, गोशेन नावाच्या गृहस्थांस त्या जागी आणून बसविले, आणि चर्चिलसाहेबांस उरल्या आयुष्यात पुन्हा कोणतेही मंत्रिपद लाभले नाही.

आपल्या देशात हे पद इंग्लंडपेक्षाही निसरडे ठरले. स्वतंत्र भारताच्या पहिल्या चारही अर्थमंत्र्यांनी राजीनामे दिले : षण्मुखम् चेट्टी ह्यांनी १९४८ साली, जॉन मथाई ह्यांनी १९५० साली, चिंतामणराव देशमुख ह्यांनी १९५६ साली आणि कृष्णम्माचारी ह्यांनी १९५८ साली. चौघांचीही कारणे वेगळी होती. त्यांतील तिसऱ्याचे कारण आम्हां मुंबईच्या वेशीवर राहणाऱ्यांस अगदी जवळचे आहे. कारण तो राजीनामा मुंबईसाठी होता. म्हणून त्या पुरुषाचे चरित्र ह्या वर्षीच्या अंकात वाचकांपुढे ठेवावे, असे आम्हांस वाटले.

चिंतामणरावांचा जन्म १४ जानेवारी १८९६ रोजी त्या वेळच्या कुलाबा जिल्ह्यातील, महाड तालुक्याच्या नाते ह्या गावी झाला. रायगडच्या परिसरातील हे लहानसे खेडे आहे. वडील द्वारकानाथराव वकिली करीत. आईचे नाव भागीरथीबाई. मुलाचे बालपण बरेचसे रोह्यास गेले. त्या काळी कोकणात आगगाडी नव्हती, आणि हुशार मुलास पुढचे शिक्षण हवे तर घर सोडून मुंबईस जाण्यावाचून गत्यंतर नसे. चिंतामणराव मुंबईस एल्फिन्स्टन हायस्कुलात आले. १९१२ साली मुंबई विश्वविद्यालयाच्या मॅट्रिक परीक्षेत ते सर्व इलाख्यात पहिले आले आणि संस्कृतासाठी असलेली जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्तीही त्यांनीच मिळविली. ही शिष्यवृत्ती त्या पिढीतील विद्यार्थ्यांस किती मोलाची वाटे, हे आमच्या वाचकांपैकी ज्यांचे आजोबा-पणजोबा त्या काळात शिकले असतील त्यांनी घरातून ऐकले असेलच.

येथे एक गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे. संस्कृतात पहिला आलेला हा विद्यार्थी पुढे केंब्रिजला गेला तो वनस्पतिशास्त्र शिकण्यासाठी. १९१५ साली, महायुद्ध ऐन भरात असता, ते विलायतेस पोहोचले आणि जीझस कॉलेजात दाखल झाले. निसर्गविज्ञानांच्या परीक्षेत त्यांनी वनस्पतिशास्त्र, रसायन व भूगर्भशास्त्र हे विषय घेतले आणि १९१७ साली वनस्पतिशास्त्राचे फ्रँक स्मार्ट पारितोषिक पटकाविले. पुढल्या वर्षी, म्हणजे १९१८ साली, लंडनमध्ये झालेल्या आय. सी. एस. परीक्षेतही त्यांचाच क्रमांक पहिला लागला. ज्या मनुष्याने पुढे देशाचा जमाखर्च सांभाळला, त्याने विद्यार्थिदशेत अर्थशास्त्राऐवजी पानाफुलांची रचना अभ्यासिली होती. पालकमंडळींनी मुलाचा विषय निवडताना ह्याचा थोडा विचार करावा, इतकेच सुचवून आम्ही पुढे जातो.

इंग्लंडात असतानाच रोझिना विल्कॉक्स ह्या इंग्रज युवतीशी त्यांचा विवाह झाला, आणि नोकरीवर रुजू होण्यासाठी ते स्वदेशी परतले. पुढली जवळजवळ वीस वर्षे त्यांनी मध्यप्रांत व वऱ्हाडात काढली. जिल्ह्याचा कारभार, जमाबंदी, मग नागपूरच्या सचिवालयात महसूल व अर्थ ह्या खात्यांची सचिवगिरी, असा हा प्रवास होता. १९३१ साली लंडनच्या दुसऱ्या गोलमेज परिषदेच्या सचिववर्गातही त्यांची नेमणूक झाली होती. ज्या परिषदेत महात्माजी काँग्रेसचे एकमेव प्रतिनिधी म्हणून बसले होते, त्याच परिषदेत हा मराठी अधिकारी सरकारच्या बाजूने कागदपत्रे सांभाळीत होता. ह्या वस्तुस्थितीवर पडदा घालण्याचे आम्हांस कारण दिसत नाही. देशातील तरुण तुरुंगात जात असता चिंतामणराव सरकारी नोकरीत होते, आणि १९४४ साली त्यांनी सर ही पदवीही स्वीकारली. हा त्यांच्यावरील आक्षेप त्यांच्या हयातीत अनेकांनी घेतला. त्याचे उत्तर त्यांनी शब्दांनी दिले नाही. ते कशाने दिले, हे पुढे येईलच.

१९३९ साली ते रिझर्व्ह बँकेत आले. बँक तेव्हा अवघी चार वर्षांची होती. सरकार व बँक ह्यांच्यामधील संपर्क अधिकारी, नंतर मध्यवर्ती मंडळाचे सचिव, १९४१ च्या अखेरीस डेप्युटी गव्हर्नर, अशा पायऱ्या त्यांनी झपाट्याने ओलांडिल्या. गव्हर्नर सर जेम्स टेलर १९४३ च्या आरंभी निवर्तले आणि त्याच वर्षी ११ ऑगस्टला ती जागा चिंतामणरावांकडे आली. हिंदी मनुष्य रिझर्व्ह बँकेचा गव्हर्नर झाला, तो हा पहिलाच.

काळ मोठा बिकट होता. युद्धासाठी इंग्लंड हिंदुस्थानातून धान्य, कापड व दारूगोळा खरेदी करी आणि त्याचा मोबदला लंडनमध्ये पौंडांच्या रूपाने हिंदुस्थानच्या नावे जमा होई. इकडे त्या जमेच्या आधारावर रुपयांच्या नोटा छापल्या जात. परिणामी बाजारात नोटा उदंड आणि माल थोडा, अशी स्थिती होऊन महागाई भडकली. युद्ध संपले तेव्हा इंग्लंडकडून येणे असलेली ही रक्कम १,७०० कोटी रुपयांच्या घरात गेली होती. इंग्लंड स्वतः कर्जबाजारी झालेले. धनको दुबळा आणि ऋणको राज्यकर्ता, असा हा विचित्र व्यवहार होता. जुलै १९४४ मध्ये अमेरिकेतील ब्रेटन वुड्स येथे चव्वेचाळीस राष्ट्रांची परिषद भरून आंतरराष्ट्रीय नाणेनिधी व जागतिक बँक ह्या संस्थांचा पाया घातला गेला. हिंदुस्थानच्या प्रतिनिधिमंडळाचे नेतृत्व सर जेरेमी रेझमन ह्या इंग्रज अर्थसभासदाकडे होते. चिंतामणराव, षण्मुखम् चेट्टी, ए. डी. श्रॉफ प्रभृती मंडळी त्यात होती. मागासलेल्या देशांचे दारिद्र्य हटविणे हाही ह्या नव्या संस्थांचा उद्देश ठरावा, म्हणून ह्या मंडळींनी तेथे आग्रह धरिला. तो सर्वस्वी मान्य झाला नाही. पण गुलाम देशाच्या प्रतिनिधींनी जगाच्या पंक्तीत बसून हिशेब मांडिला, हे काही थोडे नव्हे.

त्यानंतर फाळणी आली. देशाचे दोन तुकडे झाले तरी काही काळ दोन्ही राष्ट्रांची मध्यवर्ती बँक एकच राहिली; जून १९४८ अखेरपर्यंत पाकिस्तानचे चलनही मुंबईची रिझर्व्ह बँकच सांभाळीत होती. भावाभावांच्या वाटणीत ज्या वडीलधाऱ्या माणसाकडे तिजोरीची किल्ली असते त्याच्यावर दोघेही रुष्ट होतात. चिंतामणरावांचे तसेच झाले. शुभवर्तमानातील दृष्टान्तात धनी कारभाऱ्यास बोलावून हिशेब मागतो. येथे धनी दोन होते आणि त्यांचे आपसांत युद्ध चालू होते. १ जानेवारी १९४९ रोजी रिझर्व्ह बँक सरकारी मालकीची झाली, आणि त्याच वर्षी जूनअखेर चिंतामणराव गव्हर्नरपदावरून निवृत्त झाले.

येथवर त्यांचे जीवन एका उत्तम अधिकाऱ्याचे होते. राजकारणात ते आले ते पंडित जवाहरलाल नेहरूंच्या आग्रहाने. अमेरिका व युरोपातील देशांशी आर्थिक बोलणी करण्यासाठी प्रथम त्यांची योजना झाली. १९५० साली नियोजन मंडळ स्थापन होताच त्यात त्यांस घेण्यात आले. त्या मंडळाच्या अधिकारांवरून मथाईसाहेबांचा पंतप्रधानांशी मतभेद होऊन त्यांनी पद सोडले, तेव्हा १ जून १९५० पासून चिंतामणराव देशाचे अर्थमंत्री झाले. ते कोणत्याही चळवळीतून आले नव्हते, तुरुंगात गेले नव्हते, त्यांच्यामागे जमाव नव्हता. १९५२ च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत काँग्रेसच्या उमेदवारीवर ते आपल्याच कुलाबा जिल्ह्यातून लोकसभेवर निवडून आले. मंत्री म्हणून त्यांच्यापाशी भांडवल होते ते केवळ कामाचे.

ते काम मात्र पर्वताएवढे होते. पहिली पंचवार्षिक योजना त्यांच्या कारकीर्दीत पार पडली आणि दुसरीचा आरंभ झाला. १९५३ साली मृतांच्या मालमत्तेवरील कराचा कायदा झाला. १ जुलै १९५५ रोजी जुन्या इंपीरियल बँकेची स्टेट बँक झाली. शहरातील व्यापाऱ्यांपुरती असलेली बँक खेड्यापर्यंत जावी, हा त्यामागील हेतू. कंपन्यांच्या कारभाराचा नवा कायदा १९५६ चा. परंतु त्यांच्या कौशल्याची खरी साक्ष आयुर्विम्याच्या राष्ट्रीयीकरणात मिळते. त्या वेळी देशात विमा उतरविणाऱ्या लहानमोठ्या २४५ कंपन्या व संस्था होत्या. त्यांपैकी काही सचोटीच्या होत्या. काहींचे चालक मात्र विमेदारांचे पैसे स्वतःच्या धंद्यात फिरवीत. कायदा येणार अशी कुणकुण जरी लागली असती तरी पैसा एका रात्रीत नाहीसा झाला असता. म्हणून सर्व तयारी अत्यंत गुप्तपणे झाली. १९ जानेवारी १९५६ रोजी वटहुकूम निघाला आणि चिंतामणरावांनी रेडिओवरून देशास ही वार्ता सांगितली. त्याच वर्षी १ सप्टेंबरला आयुर्विमा महामंडळ अस्तित्वात आले. आज आमच्या वाचकांच्या घरोघरी कपाटात ज्या विम्याच्या पॉलिसी जपून ठेविलेल्या असतात, त्यांचा उगम हा असा आहे. महामंडळ प्रत्यक्ष सुरू झाले त्या दिवशी मात्र चिंतामणराव अर्थमंत्री राहिले नव्हते.

आता त्या राजीनाम्याकडे वळू. भाषावार प्रांतरचनेचा विचार करण्यासाठी नेमलेल्या आयोगाने १९५५ साली आपला अहवाल दिला. तेलुगू, कानडी, मलयाळी अशा भाषिकांस त्यांची राज्ये मिळाली. मराठी व गुजराती भाषिकांस मात्र एकाच द्वैभाषिक राज्यात ठेवावे आणि विदर्भ निराळा काढावा, अशी त्यातील शिफारस होती. तीवरून महाराष्ट्रात क्षोभ उसळला. मग १६ जानेवारी १९५६ रोजी पंतप्रधानांनी मुंबई शहर केंद्राच्या अमलाखाली राहील असे जाहीर केले. मुंबईत दंगली झाल्या, पोलिसांनी गोळीबार केले, माणसे मेली. त्या वेळी राज्याचे मुख्यमंत्री मोरारजी देसाई होते. संपूर्ण चळवळीत प्राण गमावलेल्यांची संख्या शंभराच्या वर गेली.

मीरा-भाईंदरच्या वाचकांनी येथे नकाशा उघडून पाहावा. आमची वस्ती साष्टी बेटाच्या उत्तर टोकास, वसईच्या खाडीच्या अलीकडे आहे. दहिसर मागे पडले की मुंबईची हद्द संपते व ठाणे जिल्हा लागतो. मुंबई महाराष्ट्रापासून तोडली गेली असती आणि तिची हद्द आज आहे तीच असती, तर रोज पहाटे भाईंदरहून चर्चगेटकडे जाणाऱ्या चाकरमान्यास मीरा रोड व दहिसर ह्या दोन स्थानकांच्या दरम्यान एका राज्यातून दुसऱ्या मुलखात शिरावे लागले असते. शाळा, इस्पितळ, न्यायालय, बाजार हे सारे ज्या शहराच्या आधाराने चालते ते शहर परके ठरले असते. १९५६ साली प्रश्न हाच होता. भाषेच्या अभिमानापुरता तो नव्हता.

चिंतामणरावांनी जानेवारीतच पद सोडण्याची इच्छा पंतप्रधानांस कळविली होती. तथापि अर्थसंकल्प तोंडावर आला होता. त्यांस थांबविण्यात आले आणि ते थांबले. ह्या सहा महिन्यांवरून पुढे टीका झाली. ज्यांची मुले गोळीबारात गेली त्या घरांनी ह्या विलंबाबद्दल काय म्हटले असेल, हे सांगावयास नको. आमचे मत असे की, अर्धवट टाकलेला अर्थसंकल्प ही देशाशी प्रतारणा झाली असती, असे त्यांच्यासारख्या शिस्तीच्या मनुष्यास वाटणे स्वाभाविक होते. पण जनतेचा मनुष्य असता तर तो थांबला नसता, हेही तितकेच खरे. जूनमध्ये मुंबईत काँग्रेस महासमितीची बैठक भरली असता पंतप्रधानांनी मुंबई पाच वर्षे केंद्राच्या ताब्यात राहील अशी घोषणा केली. तेव्हा मात्र चिंतामणरावांनी निर्णय केला. जुलैमध्ये राजीनामा स्वीकारला गेला आणि २५ जुलै १९५६ रोजी लोकसभेत उभे राहून त्यांनी आपली कैफियत मांडली.

त्या निवेदनात दोन बाबी होत्या, आणि लोकांच्या स्मरणात त्यांतील एकच राहिली आहे. पहिली अर्थात मुंबईची : महाराष्ट्रावर अन्याय होत आहे, गोळीबारांची न्यायालयीन चौकशी व्हावयास पाहिजे होती आणि ती नाकारण्यात आली. दुसरी बाब कारभाराच्या रीतीची होती. एवढ्या मोठ्या प्रश्नाचा निर्णय मंत्रिमंडळात यथायोग्य विचार न होताच जाहीर झाला, असे त्यांचे म्हणणे होते. पंडितजींनी ते मान्य केले नाही. सरकारचे धोरण सांगण्याचा पंतप्रधानास अधिकार आहे, असा त्यांचा पक्ष होता. आम्हांस ही दुसरी बाब पहिलीइतकीच वजनदार वाटते. इंग्लंडकडून आपण जी राज्यपद्धती घेतली तिच्यात मंत्रिमंडळाची जबाबदारी सामुदायिक असते. जो निर्णय मंत्र्यांनी घेतलाच नाही, त्याचे ओझे त्यांनी का वाहावे? आयुष्यभर कागदपत्रे नियमानुसार चालविणाऱ्या मनुष्यासच हा मुद्दा इतक्या तीव्रतेने बोचला. ज्या शिस्तीबद्दल लोक त्यांस इंग्रजांचा अधिकारी म्हणून हिणवीत, तिनेच त्यांस राजीनाम्यापर्यंत नेले.

रँडॉल्फ चर्चिल ह्यांचा राजीनामा हा डाव होता, तो उलटला. चिंतामणरावांनी डाव मांडिला नव्हता. त्यांस परत बोलाविले जाण्याची अपेक्षा नव्हती आणि कोणताही पक्ष काढून त्या लोकप्रियतेचे भांडवल करावे असेही त्यांच्या मनात आले नाही. १९५७ च्या निवडणुकीत संयुक्त महाराष्ट्र समितीने पश्चिम महाराष्ट्रात काँग्रेसचा मोठा पराभव केला. चिंतामणराव त्या रिंगणात नव्हते. ऑगस्ट १९५६ मध्ये संसदेने विशाल द्वैभाषिक मुंबई राज्याचा तोडगा स्वीकारला, तो चार वर्षेही टिकला नाही, आणि १ मे १९६० रोजी मुंबईसह महाराष्ट्र राज्य झाले. त्यांच्यानंतर अर्थमंत्री झालेल्या कृष्णम्माचारींस, चिंतामणरावांनीच जन्मास घातलेल्या आयुर्विमा महामंडळाचा पैसा मुंध्रा नामक धनिकाच्या कंपन्यांत गुंतविल्याच्या प्रकरणावरून १९५८ साली जावे लागले. आणि त्याच वर्षी ती खुर्ची मोरारजी देसाई ह्यांच्याकडे आली. दैवगती विचित्र असते, दुसरे काय!

पद गेले, पण कामाचा ओघ थांबला नाही. विश्वविद्यालय अनुदान मंडळाचे अध्यक्षपद त्यांनी १९५६ पासून १९६१ पर्यंत सांभाळले. १९५९ साली, राज्यकारभारातील लाचलुचपतीची चौकशी करण्यासाठी निःपक्ष व उच्च दर्जाचे मंडळ नेमावे, अशी जाहीर मागणी त्यांनी केली. ती त्या वेळी मानली गेली नाही. त्याच वर्षी फिलिपाइन्समधील रॅमन मॅगसेसे पारितोषिक त्यांस मिळाले. १९६२ ते १९६७ पर्यंत ते दिल्ली विश्वविद्यालयाचे कुलगुरू होते. दिल्लीचे इंडिया इंटरनॅशनल सेंटर हे त्यांच्याच परिश्रमांचे फळ होय. १९६९ च्या राष्ट्रपतिपदाच्या निवडणुकीस ते स्वतंत्र पक्ष व जनसंघ ह्यांच्या पाठिंब्याने उभे राहिले व तिसऱ्या क्रमांकावर राहिले. ही उमेदवारी त्यांनी स्वीकारावयास नको होती, असे आम्हांस प्रामाणिकपणे वाटते. जो पुरुष कोणत्याच पक्षाचा नव्हता म्हणून आदरास पात्र झाला, त्यास दोन पक्षांच्या कुबड्या शोभल्या नाहीत.

पहिल्या पत्नीच्या निधनानंतर १९५३ साली त्यांनी दुर्गाबाई ह्या आंध्रातील समाजसेविकेशी विवाह केला होता. दुर्गाबाई लहानपणापासून स्वातंत्र्याच्या चळवळीत वावरलेल्या, तुरुंगवास भोगलेल्या, घटना समितीच्या सभासद राहिलेल्या होत्या. एक राज्यकर्त्यांच्या कचेरीत वाढलेला, दुसरी राज्यकर्त्यांच्या तुरुंगात. पण दोघांचा संसार उत्तम झाला. १९७५ साली पतिपत्नी दोघांसही पद्मविभूषण हा सन्मान मिळाला.

संस्कृताची गोडी त्यांस अखेरपर्यंत होती. कालिदासाच्या मेघदूताचे त्यांनी मराठी पद्यात भाषांतर केले आणि महात्माजींची वचने संस्कृत श्लोकांत गुंफिली. वनस्पतिशास्त्राचा विद्यार्थीही त्यांच्यात जागा होता. बागेत काम करणे हा त्यांचा आवडता विसावा असे. दुर्गाबाई १९८१ साली निवर्तल्या. चिंतामणरावांचे देहावसान २ ऑक्टोबर १९८२ रोजी हैदराबाद येथे झाले. तो गांधीजयंतीचा दिवस होता.

आमच्या जिल्ह्याच्या ठिकाणी, ठाण्यास, महानगरपालिकेने स्पर्धापरीक्षांची तयारी करून घेणारी एक संस्था चालविली आहे. तिला चिंतामणराव देशमुखांचे नाव दिलेले आहे. सरकारी अधिकारी होण्याची आकांक्षा धरणाऱ्या वरच्या वर्गांतील विद्यार्थ्यांनी एखाद्या सुटीच्या दिवशी घोडबंदरच्या रस्त्याने ठाण्यास जाऊन ती पाहून यावी.